‘सरकारचा एक पैसा न घेता सहा वर्षांत रेल्वे’ : त्या मेसेजला उत्तर

आमच्या निवृत्त रेल्वेवाल्यांच्या ग्रुपवर तोच मेसेज परवा पुन्हा आला. सोबत दोन इंजिनं समोरासमोर उभी असलेला तो जुना फोटो. मजकूर असा: “अमेरिकेने 1869 मध्ये अटलांटिकपासून पॅसिफिकपर्यंत 3,000 किलोमीटर रेल्वे बांधली. फक्त 6 वर्षांत! सरकारचा एक पैसा न घेता, उद्योजकांच्या जिद्दीवर. ओसाड, निर्जन प्रदेशातून. अमेरिकन माणसाच्या घामावर. याच रेल्वेने अमेरिका श्रीमंत झाली. आणि आपल्याकडे एक पूल व्हायला 10 वर्षं लागतात. शेअर करा.”

मी सगळी नोकरी रेल्वेच्या पी-वे, म्हणजे रूळमार्गाच्या खात्यात काढली. रूळ, स्लीपर (रूळांखालचे आडवे ओंडके), खडी, गँग, यातच उमेदीची वर्षं गेली. त्यामुळे त्या लाइनबद्दल मला मनापासून आदर आहे. वाफेची इंजिनं सोडली तर यंत्र म्हणावं असं फारसं काही हाताशी नसताना 1,776 मैल, म्हणजे साधारण 2,860 किलोमीटर लाइन टाकणं काय असतं, हे मला कोणी समजावून सांगायला नको. पण काम एकाने करायचं, पैसा दुसऱ्याने द्यायचा, जमीन तिसऱ्याची जायची आणि नाव चौथ्याचं व्हायचं, असा हा मेसेज आहे. म्हणून एकेक वाक्य घेऊन बोलतो.

“सरकारचा एक पैसा न घेता”

सर्वांत जास्त शेअर होतं ते हेच वाक्य, आणि सर्वांत चुकीचंही हेच.

1 जुलै 1862 रोजी राष्ट्राध्यक्ष लिंकन यांनी पॅसिफिक रेल्वे कायद्यावर सही केली. तो कायदाच मुळी पैसे आणि जमीन देण्याचा होता. पश्चिमेकडून सेंट्रल पॅसिफिक आणि पूर्वेकडून युनियन पॅसिफिक अशा दोन कंपन्यांनी एकमेकींच्या दिशेने यायचं, आणि मैलामागे सरकारने रोखे द्यायचे. सपाटीवर मैलाला 16,000 डॉलर, दोन पर्वतरांगांमधल्या पठारावर 32,000 आणि प्रत्यक्ष डोंगरात 48,000. शिवाय लाइनच्या दोन्ही बाजूंना एक सोडून एक असे जमिनीचे चौरस मैलाचे तुकडे. मैलामागे असे 10 तुकडे ठरले होते, 1864 च्या दुरुस्तीने ते 20 झाले. दोन्ही कंपन्यांना मिळून 5 कोटी डॉलरच्या वरचे सरकारी रोखे मिळाले. कॅलिफोर्निया राज्याने आणि तिथल्या काउंट्यांनी दिलेली मदत निराळी. 1850 ते 1871 या काळात केंद्र सरकारने सगळ्या रेल्वे कंपन्यांना मिळून सुमारे 13 कोटी एकर जमीन दिली. आपला अख्खा महाराष्ट्र साडेसात कोटी एकरांच्या आसपास भरतो, यावरून अंदाज करा.

इथे एक गोष्ट कंपन्यांच्या बाजूने सांगायला हवी. रोखे हे कर्ज होतं, बक्षीस नव्हतं, आणि ते पुढे वसूलही झालं. शिवाय पहिला टप्पा पुरा करून दाखवल्याशिवाय रोखे हातात पडत नव्हते. त्यामुळे सुरुवातीला सॅक्रामेंटोच्या चार व्यापाऱ्यांनी स्वतःची पत पणाला लावली, हे खरं आहे. हंटिंग्टन आणि हॉपकिन्स यांचं हार्डवेअरचं दुकान होतं, स्टॅनफर्ड किराणा मालाचे व्यापारी आणि क्रॉकर कापडाचे. ते धाडस मी नाकारत नाही.

पण मैलामागे पैसे म्हटल्यावर काय होतं, हे कंत्राटाच्या कामाशी ज्याचा संबंध आला त्याला ठाऊक असतं. सिएरा नेवाडा पर्वत नेमका कुठे सुरू होतो, यावर मैलाला 16,000 मिळणार की 48,000 हे ठरणार होतं. लेलँड स्टॅनफर्ड त्या वेळी कंपनीचे अध्यक्ष होते आणि कॅलिफोर्नियाचे गव्हर्नरही. राज्याच्या भूगर्भशास्त्रज्ञाने अभिप्राय दिला की पर्वताचा पायथा आर्केड क्रीकपाशी, म्हणजे सॅक्रामेंटोपासून अवघ्या 7 मैलांवर सुरू होतो. तिथे जमीन तळहातासारखी सपाट आहे. खरी चढण लागते ती बरीच पुढे. वॉशिंग्टनने ते मान्य केलं आणि कागदावर डोंगर मैदानात आला.

युनियन पॅसिफिकची तऱ्हा आणखी वाईट. तिच्या संचालकांनी क्रेडिट मोबिलिए नावाची स्वतःचीच बांधकाम कंपनी उभी केली. कंत्राट देणारे तेच, घेणारेही तेच, आणि बिलं अव्वाच्या सव्वा. कोणी चौकशी लावू नये म्हणून ओक्स एम्स या खासदाराने त्या कंपनीचे शेअर कमी भावात आपल्याच सहकारी खासदारांना वाटले. 1872 मध्ये न्यूयॉर्कच्या ‘सन’ या वृत्तपत्राने हे प्रकरण बाहेर काढलं आणि 1873 मध्ये संसदेने एम्स यांच्यावर ठपका ठेवला. सेंट्रल पॅसिफिकवाल्यांचीही अशीच एक बांधकाम कंपनी होती. तिची हिशोबाची पुस्तकं चौकशीच्या वेळी सापडलीच नाहीत.

“फक्त 6 वर्षांत”

सेंट्रल पॅसिफिकने सॅक्रामेंटोत कुदळ मारली ती 8 जानेवारी 1863 रोजी, आणि दोन्ही लाइन युटामधल्या प्रॉमंटरी समिटला जोडल्या गेल्या 10 मे 1869 रोजी. तारखा बरोबर आहेत. पण लाइन कुदळ मारल्यापासून सुरू होत नाही, ती सर्व्हेपासून सुरू होते. अमेरिकी लष्कराने सरकारी खर्चाने 1853 पासून वेगवेगळे मार्ग पाहिले होते. थिओडोर ज्युडा या इंजिनिअरने सिएरा नेवाडातल्या डॉनर खिंडीतून वाट शोधली ती 1860 च्या सुमारास. हा माणूस वर्षानुवर्षं नकाशे घेऊन वॉशिंग्टनच्या दारात उभा होता. 1863 मध्ये पनामामार्गे पूर्वेकडे जाताना त्याला पिवळा ताप झाला आणि नोव्हेंबरात तो गेला. आपल्या लाइनवरून धावलेली गाडी त्याला बघायला मिळाली नाही.

मार्ग ठरवण्यावरून उत्तर आणि दक्षिणेची राज्यं भांडत बसली म्हणून 1850 चं दशक वाया गेलं होतं. यादवी युद्ध सुरू होऊन दक्षिणेचे खासदार संसदेतून बाहेर पडले, तेव्हा कुठे 1862 चा कायदा पास झाला. रूळांची रुंदीसुद्धा वादाचा विषय होती. लिंकन यांनी 5 फूट ठरवली आणि दोन महिन्यांत संसदेने ती बदलून 4 फूट साडेआठ इंच केली.

आणि त्या घाईची किंमत? मैलागणिक पैसे असल्यामुळे दोन्ही कंपन्यांच्या मातीकामाच्या टोळ्या समोरासमोर येऊन थांबल्या नाहीत, एकमेकींना ओलांडून पुढे गेल्या. 200 मैलांहून अधिक समांतर मातीकाम झालं. त्यावर कधी रूळ पडलेच नाहीत. अखेर एप्रिल 1869 मध्ये संसदेला मध्ये पडून जोडाची जागा ठरवावी लागली. युनियन पॅसिफिकने गवताळ मैदानात चांगलं लाकूड मिळेना म्हणून कॉटनवूडचे स्लीपर टाकले. हे मऊ लाकूड, खिळा धरून ठेवत नाही आणि लवकर कुजतं. हिवाळ्यात गोठलेल्या जमिनीवर रूळ टाकले. बर्फ वितळला की तो भराव बसणार, हे गँगमधला नवा पोरगाही सांगेल. लाकडी पूल आणि असे भराव पुढे पुन्हा बांधावे लागले. ती वर्षं या 6 मध्ये धरलेली नाहीत.

“अटलांटिकपासून पॅसिफिकपर्यंत”

ही लाइन दोन्ही समुद्रांना टेकलीच नव्हती. पूर्वेचं टोक होतं ओमाहा, मिसूरी नदीच्या काठावर, अटलांटिकपासून हजार मैलांहून जास्त आत. तिथपर्यंत पूर्वेकडच्या दुसऱ्या कंपन्यांच्या गाड्यांनी यायचं, आणि नदीवर पूल नसल्यामुळे उतरून नावेने पलीकडे जायचं. तो पूल झाला 1872 मध्ये. पश्चिमेचं टोक सॅक्रामेंटो. तिथून सॅनफ्रान्सिस्कोच्या उपसागरापर्यंतची लाइन 1869 च्या शरद ऋतूत सुरू झाली. चूक छोटी आहे, पण ज्या मेसेजचा शेवटच “आपल्याकडे एक पूल व्हायला 10 वर्षं” असा आहे, त्याने निदान हा पूल विसरायला नको होता.

“अमेरिकन माणसाच्या घामावर”

इथे जरा जास्त वेळ थांबतो, कारण मला लिहायला बसवलं ते याच वाक्याने.

पूर्वेकडच्या टोळ्यांमध्ये आयरिश लोक आणि युद्धावरून परतलेले सैनिक होते, युटामध्ये मॉर्मन लोकांनी मातीकाम केलं. पण सिएरा नेवाडाचा डोंगर फोडला तो चीनच्या ग्वांगडोंग प्रांतातून आलेल्या मजुरांनी. सुरुवातीला गोरे मजूर टिकेनात. चार दिवस काम करायचे आणि नेवाडातल्या चांदीच्या खाणींकडे पळायचे. मग क्रॉकर यांनी 1865 मध्ये चिनी मजूर मोठ्या संख्येने घ्यायला सुरुवात केली. हे शरीराने लहानखुरे लोक काय दगड फोडणार, असं कामावरच्या मुकादमांचं म्हणणं होतं. दोन वर्षांत सेंट्रल पॅसिफिकच्या दर 10 मजुरांमध्ये जवळजवळ 9 चिनी होते. ऐन भरात असताना त्यांची संख्या 10,000 च्या वर होती.

डॉनर खिंडीतला समिट बोगदा 1,659 फुटांचा. सगळा ग्रॅनाइट. तीन माणसांची टोळी: एकाने पोलादी पहार दगडाला लावून धरायची आणि प्रत्येक घावानंतर थोडी फिरवायची, बाकी दोघांनी आळीपाळीने घण घालायचा. भोक पुरेसं खोल झालं की सुरुंगाची दारू ठासायची, वात लावायची आणि पळायचं. इतकं करून दिवसाला सरासरी एखादा फूट सरकायचं. म्हणून मधोमध वरून एक विहीर खणली आणि आतून दोन्ही बाजूंना काम सुरू केलं, म्हणजे एकाच वेळी चार तोंडांवर. पुढे जागेवरच नायट्रोग्लिसरीन तयार करून वापरलं. 1866-67 च्या हिवाळ्यात 44 बर्फाची वादळं झाली. मजूर बर्फाखालून खणलेल्या भुयारांतून राहुट्यांकडून बोगद्याकडे जायचे. काही टोळ्या हिमकड्याखाली गाडल्या गेल्या आणि उन्हाळ्यात बर्फ उतरल्यावरच सापडल्या.

त्यांचं जेवण म्हणजे भात, सुकी मासळी, सुकवलेल्या भाज्या. पिण्याचं पाणी उकळून, चहा करून. दारूगोळ्याच्या रिकाम्या पिंपांत तो कोमट चहा भरून पोरं कावडीने कामाच्या जागी पोचवायची. गढूळ पाणी पिणाऱ्या गोऱ्या टोळ्यांत हगवण असायची तशी या टोळ्यांत नसायची, त्याचं कारण हा उकळलेला चहा.

पगार महिन्याला 30 डॉलरच्या आसपास, आणि त्यातूनच स्वतःचं खाणं. गोऱ्या मजुराला जवळपास तेवढाच पगार, वर राहणं-खाणं कंपनीचं. जून 1867 मध्ये सुमारे 3,000 चिनी मजुरांनी काम थांबवलं. मागणी होती 40 डॉलरची आणि कामाचे तास कमी करण्याची, बोगद्यात 8 आणि उघड्यावर 10. दंगा नाही, मोडतोड नाही. ते आपापल्या राहुटीत शांत बसून राहिले. क्रॉकर यांनी वर जाणारं धान्य बंद केलं. त्या उंचीवर दुसरीकडून एक दाणा मिळण्याची सोय नव्हती. आठवड्याभरात संप मोडला. पगार वाढला नाही.

किती मेले? कंपनीने मोजलंच नाही. हजेरी टोळीच्या मुकादमाच्या नावावर, मजुराचं नाव बहुतेक ठिकाणी नाही. 1870 मध्ये सॅक्रामेंटोच्या एका वृत्तपत्राने बातमी दिली की लाइनवर मेलेल्या चिनी मजुरांची 20,000 पौंड हाडं मायदेशी परत नेण्यासाठी गाडीतून आली. आपल्या मातीत पुरलं जावं अशी त्या लोकांची श्रद्धा होती. त्या वृत्तपत्राने ही हाडं सुमारे 1,200 माणसांची असावीत असा अंदाज केला. मेसेजमधल्या “घाम” या शब्दाच्या शेजारी हा आकडा ठेवून बघा.

या मजुरांबद्दल दुसऱ्या बाजूनेही एक गोष्ट फिरते: त्यांना टोपल्यांत बसवून कड्यावरून दोराने खाली सोडत आणि ते अधांतरी सुरुंग लावत. ऐकायला थरारक आहे, पण त्याला त्या काळातला ठोस पुरावा मिळत नाही आणि अभ्यासकांत त्यावर वाद आहे. ती गोष्ट मी वापरणार नाही. समिट बोगदा पुरेसा आहे.

28 एप्रिल 1869 चा दिवस पाहा. सेंट्रल पॅसिफिकने एका दिवसात 10 मैल आणि 56 फूट लाइन टाकली. 25,800 स्लीपर, 3,520 रूळ. आमच्या काळातल्या कुठल्याही गँगने हातांनी याच्या जवळपाससुद्धा काम केलेलं मला माहीत नाही. त्या दिवशी रूळ उचलणाऱ्या आठ आयरिश मजुरांची नावं कंपनीने नोंदवून ठेवली, ती आजही सापडतात. ज्या हजारोंनी स्लीपर मांडले, खिळे ठोकले, खडी भरली, त्या चिनी मजुरांपैकी एकाचंही नाव त्या नोंदीत नाही.

त्यांना अमेरिकन म्हणायचं झालं तरी अमेरिका तयार नव्हती. कायद्याने त्यांना नागरिकत्व मिळत नव्हतं. 1882 मध्ये चिनी मजुरांना देशात यायलाच बंदी करणारा कायदा झाला, तो उठला 1943 मध्ये. 1885 मध्ये वायोमिंगमधल्या रॉक स्प्रिंग्ज इथे, याच युनियन पॅसिफिकच्या कोळसा खाणींत, गोऱ्या खाणकामगारांनी 28 चिनी मजुरांना मारलं आणि त्यांची घरं जाळली. 1969 मध्ये लाइनच्या शताब्दीला वाहतूकमंत्री जॉन व्होल्पी बोलायला उभे राहिले आणि म्हणाले की 30 फूट बर्फात 10 बोगदे अमेरिकनांशिवाय कोण खणू शकलं असतं? त्या भाषणात चिनी मजुरांचा उल्लेखही नव्हता. आपला मेसेज तेच भाषण मराठीत देतो आहे.

आणि तो फोटो. 10 मे 1869, सेंट्रल पॅसिफिकचं ‘ज्युपिटर’ आणि युनियन पॅसिफिकचं 119 नंबरचं इंजिन, हस्तांदोलन, बाटल्या, टोप्या. समारंभासाठी आणलेला सोन्याचा खिळा ठोकलाच गेला नाही. तो आधीच भोक पाडलेल्या लॉरेलच्या लाकडी स्लीपरमध्ये ठेवला आणि काढून घेतला. खरा लोखंडी खिळा ठोकताना स्टॅनफर्ड यांचा घाव चुकला, पण तार गेली: ‘झालं’. शेवटच्या रूळांपैकी सेंट्रल पॅसिफिकचा रूळ चिनी टोळीने आणून बसवला होता. फोटोतल्या त्या गर्दीत चिनी चेहरा जवळजवळ सापडत नाही.

“ओसाड, निर्जन प्रदेशातून”

याला उत्तर 1862 चा कायदाच देतो. त्याच्या दुसऱ्याच कलमात लिहिलं आहे की या जमिनींवरचे ‘इंडियन’, म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांचे, हक्क सरकार शक्य तितक्या लवकर संपुष्टात आणील. जिथे कोणी राहतच नाही तिथे हक्क कोणाचे संपवायचे? पॉनी, शायान, अरापाहो, लाकोटा, शोशोनी, पायूट या लोकांच्या मुलखातून ही लाइन गेली. ऑगस्ट 1867 मध्ये नेब्रास्कात प्लम क्रीकजवळ शायान लोकांनी रूळ उखडून मालगाडी पाडली. दुसरीकडे पॉनी लोकांच्या तुकड्या लष्करातर्फे त्याच लाइनचं रक्षण करत होत्या, कारण लाकोटांशी त्यांचं जुनं वैर होतं. बायसनचे कळप लाइनने उत्तर आणि दक्षिण असे तोडले. 1871 नंतर बायसनचं कातडं कारखान्यांतल्या यंत्रांच्या पट्ट्यांसाठी कमावता येऊ लागलं आणि ही व तिच्या मागून आलेल्या दुसऱ्या लाइन ती कातडी वाघिणी भरभरून नेऊ लागल्या. कोट्यवधींनी असलेला प्राणी 1889 च्या मोजणीत हजाराच्या आसपास उरला. ज्यांचं अन्न, वस्त्र, निवारा सगळं त्या जनावरावर होतं, त्यांना आरक्षित भागात जाऊन सरकारी शिध्यावर बसण्याशिवाय गत्यंतर राहिलं नाही.

“याच रेल्वेने अमेरिका श्रीमंत झाली”

थोडं खरं, बरंच फुगवलेलं. पूर्वी न्यूयॉर्कहून कॅलिफोर्नियाला जायला महिनोन्‌महिने लागायचे, ते अंतर आठवड्यावर आलं. हा फरक प्रचंड आहे. पण आशियाचा व्यापार या लाइनने वळवू ही जी मुख्य आशा होती, ती त्याच वर्षी नोव्हेंबरात सुएझ कालवा उघडल्यावर मावळली. नोबेलविजेते अर्थतज्ज्ञ रॉबर्ट फोगेल यांनी 1890 सालचं गणित मांडून दाखवलं की सगळ्या रेल्वे नसत्या तरी शेतमालाच्या वाहतुकीत देशाचं नुकसान राष्ट्रीय उत्पन्नाच्या काही टक्क्यांपुरतंच झालं असतं. त्यांनीच युनियन पॅसिफिकचा वेगळा हिशोब केला, आणि त्यात समाजाला कंपनीपेक्षा जास्त परतावा मिळाला असं निघालं. म्हणजे सरकारने पैसा घातला तो वाया गेला नाही. खुद्द कंपनी मात्र 1893 मध्ये दिवाळखोरीत गेली.

“आणि आपल्याकडे...”

आपल्याकडे त्याच वर्षांत मुंबई-पुणे लाइनवरच्या भोर घाटाचं काम चालू होतं. 1856 ला काम सुरू, एप्रिल 1863 ला गाडी घाटावर चढली. 25 बोगदे, 1,831 फूट चढण. सेंट्रल पॅसिफिकची कुदळ पडली त्याच वर्षी आपला घाट पुरा झाला होता. पैसा लंडनच्या भागधारकांचा, पण त्यावर 5 टक्के परताव्याची हमी सरकारची, म्हणजे शेवटी आपल्या रयतेच्या सारामहसुलाची. 1861 मध्ये घाटात 42,000 पर्यंत माणसं होती. 1859 मध्ये पगार थकल्यावरून मजूर बिथरले आणि कंत्राटदाराने काम सोडलं. नवा कंत्राटदार सॉलोमन ट्रेडवेल आला तो काही दिवसांतच आजाराने गेला. त्याच्या बायकोने, अ‍ॅलिसने, कंत्राट हातात ठेवलं आणि पुरं करून घेतलं. कॉलऱ्याने आणि तापाने गेलेल्या मजुरांची नावं इथेही कोणी लिहिली नाहीत.

काही वर्षांपूर्वी मुलीकडे कॅलिफोर्नियाला गेलो होतो, तेव्हा हट्टाने डॉनर खिंडीत गेलो. समिट बोगद्यातली लाइन 1993 मध्ये बंद झाली, रूळ काढले, मी गेलो तेव्हा आत चालत जाता येत होतं. टॉर्च मारला तर ग्रॅनाइटमध्ये पहारीच्या भोकांच्या अर्ध्या खुणा दिसतात, सुरुंगाने फुटल्यावर अर्धं भोक भिंतीत राहिलेलं. अंगठा आत बसतो. खंडाळ्याच्या कटिंगमध्ये ट्रॉलीवरून उतरून मी अशाच खुणांवर कित्येकदा हात ठेवला आहे. मुलगी म्हणाली, “बाबा, चला, गार आहे.” मी आणखी थोडं आत गेलो. भिंतीवर ओळीने तशीच भोकं होती, दोन बोटं रुंद, एकाखाली एक.